तुम्ही विचारलंत म्हणून : एवढे वाईट कसे दिसता हो?

लिफ्टमध्ये, लग्नाच्या पंगतीत, दादरला भाजी घेताना, प्रश्न एकच. वीस वर्षं दुय्यम खलनायक करतोय. दुय्यम म्हणजे श्रेयनामावलीत ज्याचं नाव येईपर्यंत तुम्ही चहा टाकायला उठलेले असता, तो.

खरं सांगू? मी फारसं काही करत नाही. निम्मं काम माझा पंटर, म्हणजे मागे उभा राहणारा हस्तक करतो.

गोरेगावच्या चित्रनगरीत एका मालिकेचं शूटिंग होतं. मी बिल्डर. यायचं, खुर्चीत बसायचं आणि नायिकेच्या वडिलांना म्हणायचं, "बसा." एवढंच. माझ्यामागे वर्षभर एकच मुलगा उभा असायचा. त्याला एकही वाक्य नव्हतं. आवाज न करता खुर्ची सरकवायचा आणि मी टेकेपर्यंत श्वास रोखून धरायचा. त्या दिवशी तो तापाने आडवा. बदली आलेल्या पोराने एक हात खिशात ठेवून दुसऱ्याने खुर्ची ओढली. मी "बसा" म्हणालो, तर दवाखान्यातल्या कंपाउंडरने म्हटल्यासारखं वाटलं. चार टेक गेले. "दादा, आज जरब येत नाहीये," दिग्दर्शक म्हणाला. मी आवाज चढवला, तर अजूनच हास्यास्पद. शेवटी असिस्टंटने त्या पोराला बाजूला घेऊन सांगितलं, दादांच्या तोंडाकडे बघू नकोस, हाताकडे बघ. कधी उठेल सांगता येत नाही. पुढचा टेक ओके. मी तसूभरही काही बदललं नव्हतं.

'सामना' सिनेमा आठवा. निळूभाऊ फुलेंचा हिंदुराव धोंडे पाटील एवढा मोठा का वाटतो? सगळं गाव त्याच्यापुढे मान खाली घालून असतं म्हणून. मग डॉक्टर लागूंचा दारुडा मास्तर येतो आणि विचारत सुटतो, मारुती कांबळेचं काय झालं? एका माणसाने भ्यायचं नाकारलं आणि वाड्याचे वासे करकरायला लागले.

सदाशिव अमरापूरकरांचंही तेच. नगरच्या रंगभूमीवरून आलेला माणूस. 'हॅण्ड्स अप' नाटकात गोविंद निहलानींनी त्यांना पाहिलं आणि १९८३ च्या 'अर्धसत्य'मध्ये रामा शेट्टी हा गुंड दिला. पडद्यावर तो मोजकाच येतो. पण वरिष्ठ पोलीस अधिकारी त्याच्या नावाला वचकतात, तेव्हा तो नसलेल्या प्रसंगांतही असतो. त्या भूमिकेला सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पुढे 'सडक'मध्ये त्यांनीच केलेल्या महाराणीने खलनायकासाठीचं पहिलंच फिल्मफेअर पटकावलं. लोकांना महाराणी जास्त आठवते. माझं मत विचाराल तर शेट्टी. महाराणी स्वतः भीती घालते, शेट्टीची भीती दुसरेच वाहतात.

आता तुमचा दुसरा प्रश्न, जो तुम्ही जरा आवाज खाली आणून विचारता. पैसे दिवसावर मिळतात. चेक नव्वद दिवसांनी. तो घ्यायला अंधेरीच्या ऑफिसात जातो तेव्हा अकाउंटवाला मान वर न करता म्हणतो, "बसा."

मी बसतो. नजर त्याच्या हाताकडे.