उणे अकरा

सकाळी जाग आली की माझा हात आधी उशीशेजारी चाचपडतो. चष्मा सापडेपर्यंत पंखा म्हणजे छताला पडलेला करडा डाग. चष्मा शोधायला चष्मा लागतो, हा विनोद आमच्या घरात रोज नव्यानं होतो.

शाळेत ‘ढापण्या’ होतो तेव्हा नंबर उणे चार. कॉलेजात नऊ, आता अकरा. हिशेब केला तर चष्म्याशिवाय मला डोळ्यापासून जेमतेम नऊ सेंटिमीटरपर्यंतचं स्पष्ट दिसतं. अर्धी वीतसुद्धा नाही. त्यापुढे सगळं ठाणं धुक्यात. पण संध्याकाळी तलावपाळीवर मी मुद्दाम चष्मा काढतो. प्रत्येक दिव्याचा मोतीचूर लाडू होतो आणि ते पाण्यात विरघळतात. डोळे चांगले असणाऱ्यांना हे फुकटात मिळत नाही, म्हणून थोडी फुशारकीही मारत आलो.

गेल्या पावसाळ्यात घरात डास फार झाले. निदान मला तसं वाटलं. दोन दिवस टाळ्या वाजवल्यावर बायको म्हणाली, “अरे, इथे एकही डास नाहीये.”

नौपाड्यातल्या डॉक्टरीणबाईंनी थेंब टाकून बाहुल्या मोठ्या केल्या आणि बराच वेळ आत बघत बसल्या. नंबरचं त्यांना काहीच वाटलं नाही. त्यांना डोळ्याच्या लांबीची काळजी. सर्वसाधारण डोळा पुढून मागे साधारण चोवीस मिलिमीटर, माझा अठ्ठावीस. “कणकेचा गोळा तेवढाच ठेवून पोळी मोठी लाटली, तर विरळ होणारच ना?” माझी पोळी, म्हणजे डोळ्याच्या आतला मागचा पडदा, कडेला विरळ झालेली. तिथे भोक पडलं, तर आतलं पाणी मागे शिरून पडदा सुटतो. आणि दुखत काहीच नाही, हेच वाईट. सध्या पडदा शाबूत आहे, डास म्हणजे डोळ्याच्या आतच तरंगणारे ठिपके, ते वयाचे आहेत. पण ते एकदम वाढले, वीज चमकल्यासारखं झालं किंवा कडेनं सावली सरकत आली, तर त्याच दिवशी यायचं. काचबिंदूची भीतीही चारचौघांपेक्षा जास्त, म्हणून वर्षातून एकदा हजेरी.

“लेझरनं नंबर घालवला तर?” मी विचारलंच.

“चष्मा जाईल. डोळा लांबच राहील.”

बाहेर आलो तर ऊन अंगावर धावून आलं. गोखले रोड नुसता पांढरा. बायकोनं माझा हात धरला. लग्नाला अठरा वर्षं झाली, पण या रस्त्यावर पहिल्यांदाच.

आता रोज आंघोळीआधी एक डोळा झाकून समोरच्या टाइल्सच्या रेघा बघतो, मग दुसरा. सरळ रेघ वाकडी दिसू लागली तर पडद्याच्या मध्यावर काहीतरी बिघडलंय, असं समजायचं. परवा दार उघडं राहिलं होतं.

“टाइल्सना कसले डोळे मारतोयस?” बाहेरून आवाज आला.

रेघा सरळ होत्या.