विमान अखेर वहीत, पण ‘वि’च्या घरात नाही

‘विमान’ अखेर वहीत चढलं. मागच्या नोंदीपर्यंत ते सुट्या चिठ्ठीवर होतं, आणि उड्डाणाच्या शब्दांची वही विमानाशिवाय म्हणजे तिळाशिवाय संक्रांत.

या वहीत आपण उड्डाणाचे शब्द त्यांच्या मुळांप्रमाणे घरांत लावतो. आतापर्यंत घरं चार: डी (उडणे), पत् (उडणे, पडणे), पक्ष (पंख) आणि वि. बाकी शब्द मुकाट्यानं आपापल्या घरात गेले, अडलं ते इथेच. आपल्यातल्या बऱ्याच जणांचा आग्रह होता की विमान ‘वि’च्या घरात घाला. वि म्हणजे पक्षी, अमरकोश या जुन्या संस्कृत कोशातल्या पक्ष्यांच्या नावांतही तो आहे. मान म्हणजे माप, तोल. म्हणजे पक्ष्याच्या तोलाचं ते विमान. फोड ऐकायला फार गोड आहे. तिच्या पाठीशी ‘वैमानिकशास्त्र’ या विमानांवरच्या संस्कृत ग्रंथातलं ‘वेगसाम्याद् विमानोऽण्डजानाम्’ हे सूत्रही उभं केलं जातं. पण बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ साली तो ग्रंथ तपासला आणि तो १९०४ च्या आधीचा असू शकत नाही, असा निष्कर्ष काढला. ऋग्वेदात असलेल्या शब्दाच्या जन्माची साक्ष विसाव्या शतकातला ग्रंथ कशी देणार?

म्हणून जुन्यात जुने वापर काढून बसलो. हिरण्यगर्भसूक्तात (१०.१२१) ‘यो अन्तरिक्षे रजसो विमानः’ आहे: अंतरिक्षातला अवकाश मोजणारा. दुसऱ्या मंडलात सोम आणि पूषन् यांच्या सूक्तात (२.४०) सात चाकांचा रथ येतो, तोही ‘रजसो विमानं’. आणि विष्णुसूक्तात (१.१५४) ‘यः पार्थिवानि विममे रजांसि’, म्हणजे तीन पावलांत तिन्ही लोक मोजणारा विष्णू. ‘विममे’ आणि ‘विमान’ दोन्हीकडे धातू मा, मोजणे; आणि वि हा साधा उपसर्ग. पक्ष्याचं पीसही सापडत नाही.

इथवर ठीक. पण मोजणाऱ्यापासून उडणाऱ्या यानापर्यंत शब्द पोचला कसा? इथे मी फार काळ अडून राहिलो. अमरकोश ‘व्योमयानं विमानोऽस्त्री’ म्हणून मोकळा होतो. मोनिअर-विल्यम्सच्या १८९९ च्या संस्कृत-इंग्रजी कोशात सगळे अर्थ ओळीनं लावलेले आहेत, पण एका अर्थातून दुसरा कसा निघाला हे आपल्यालाच जुळवावं लागतं.

दुवा मिळाला मेघदूतात. आपल्या रामटेकशी ज्याचं नातं वा. वि. मिराशींनी मांडलं, त्याच काव्यात! उत्तरमेघात अलकानगरीचं वर्णन आहे: ‘नेत्रा नीताः सततगतिना यद्विमानाग्रभूमीः’. वारा ढगांना विमानांच्या वरच्या मजल्यांवर नेतो, तिथल्या भिंतींवरची चित्रं ते पाण्याच्या थेंबांनी बिघडवतात आणि धुराचं रूप घेऊन जाळ्यांतून निसटतात. इथलं विमान जागचं हलत नाही. मेघदूताचा टीकाकार मल्लिनाथ सरळ सात मजल्यांचं घर असा अर्थ देतो. म्हणजे मोजून-आखून उभारलेली उंच वास्तू ते विमान. देवांची तशी वास्तू आकाशात चालू लागली की तेही विमानच. पुष्पकाचं वर्णन आठवा, ते उडणारा राजवाडाच आहे. तंजावरच्या बृहदीश्वराच्या गाभाऱ्यावरच्या उंच बांधकामालाही विमान म्हणतात, ते याच घरातलं. आणि ‘वैमानिक’ हा शब्द तर जैन परंपरेत विमानांत राहणाऱ्या देवांच्या एका वर्गाचं नाव आहे.

तेव्हा वहीत पाचवं घर उघडलं: मा. विमान, वैमानिक, विमानतळ तिकडे गेले.

आता या सगळ्यातला मला सर्वांत आवडलेला भाग. विमानातून हाकललेला तो पक्षी ‘वि’ सापडला, आणि तोही ‘एव्हिएशन’मध्ये! फ्रेंचांनी हा शब्द एकोणिसाव्या शतकात लॅटिन ‘अविस’वरून घडवला. अविस म्हणजे पक्षी, आणि अविस व वि एकाच पूर्वजाचे वंशज. ज्यांना वि-घरात उडणारं यंत्र हवंच होतं त्यांना ते मिळालं. कार्ड लिहून ठेवलं आहे.

पत्-घरातही भर पडली. पत् म्हणजे उडणे आणि पडणेही. पतन, पतंग, पतत्र सगळे तिथलेच. ‘हेलिकॉप्टर’मधला ‘प्टेरॉन’, म्हणजे पंख, हा पतत्राचा ग्रीक भाऊबंद. ‘पत्र’सुद्धा आधी पंख, मग पान, मग कागदावरचा मजकूर. नागपूरकरांनी हे कार्ड जपून ठेवावं. १९४९ साली रात्रीची टपालविमानं सुरू झाली तेव्हा मुंबई, दिल्ली, कलकत्ता, मद्रास इथून निघालेली विमानं मध्यरात्री आपल्या नागपूरच्या सोनेगाव विमानतळावर एकत्र येत आणि टपालाच्या पिशव्यांची अदलाबदल करून परत फिरत. पत्राला त्याचा मूळ अर्थ आपल्या गावात रोज रात्री परत मिळत होता.

डी-घराचं (उड्डाण, उडणे) काम चालू आहे. अमरकोशात प्रडीन, उड्डीन, संडीन एवढेच आहेत, पण महाभारतातल्या कर्णपर्वात हंसापुढे फुशारकी मारणारा कावळा एकशे एक उड्डाणं येतात म्हणतो आणि त्यांतली बरीच नावं घेतो. ती एकेक लिहून काढायची आहेत. मराठी ‘उडणे’ तर वेगळी वही मागेल: झोप उडते, रंग उडतो, तारांबळ उडते, खटके उडतात.

कोशांबद्दल थोडं. संस्कृतसाठी मोनिअर-विल्यम्स, मराठी वापरासाठी मोल्सवर्थची १८५७ ची आवृत्ती, वाक्प्रचारांसाठी दाते-कर्वे. खिशातल्या कोशांवर पैसे घालू नका, व्युत्पत्तीला ते निरुपयोगी आहेत.

आपल्या देशी विमानांच्या आणि हेलिकॉप्टरांच्या नावांची यादी परिशिष्टात टाकणार होतो, पण हे लिहितानाच बेत बदलतोय. सारस आणि हंसा पक्षी, मरुत वारा, चेतक घोडा, आणि ध्रुव म्हणजे चक्क अढळ! उडणाऱ्या यंत्राला न उडणाऱ्याचं नाव का देतात, याला परिशिष्ट पुरणार नाही. स्वतंत्र घर करतो.

त्याआधी संक्रांतीचं काम. मोल्सवर्थमध्ये कागदी पतंगाला ‘वावडी’ आहे. आपण आज वावड्या फक्त उठवतो, अफवांच्या. वावटळ, वावझड यांतला वाव म्हणजे वारा, म्हणून वावडी मी त्यांच्या शेजारी ठेवतोय. आपल्याकडच्या गच्च्यांवर ‘ओ काट’ ऐकू येतं, चक्री ऐकू येते, ‘पतंग कटली’ असं स्त्रीलिंगही सर्रास, वावडी नाही. कोकणातल्या मंडळींनी सांगावं: घरातली वडीलधारी माणसं अजून वावडी उडवतात का, आणि ती कटते, तुटते की गुल होते? क्रियापद जसंच्या तसं कळवा, गावाच्या नावासकट.