तुम्ही विचारलंत म्हणून: ईगल्स की स्टीलर्स?

पेनसिल्व्हेनियात हॅरिसबर्गजवळ राहतो म्हटलं की इथली मराठी मंडळीही अमेरिकन फुटबॉलबद्दल लगेच विचारतात, "मग तुमची टीम कोणती? ईगल्स की स्टीलर्स?" फिलाडेल्फिया पूर्वेला, पिट्सबर्ग पश्चिमेला आणि आम्ही मधे, त्यामुळे प्रश्न रास्तच आहे. माझी टीम कार्लाइल, १९१२ सालची. ती बंद पडून शंभर वर्षं उलटली, त्यामुळे दर रविवारी रक्तदाब वाढत नाही, हाही एक फायदा.

कार्लाइल नदीपलीकडे, गाडीने अर्ध्या तासावर. १८७९ मध्ये तिथल्या लष्करी छावणीत रिचर्ड हेन्री प्रॅट या अधिकाऱ्याने मूळ अमेरिकन मुलामुलींसाठी सरकारी निवासी शाळा काढली. आल्या आल्या मुलांचे केस कापायचे, नाव बदलायचं, घरची भाषा बोलायला बंदी. मुलातला 'इंडियन' मारा आणि माणूस वाचवा, हे प्रॅटचं उघड धोरण. म्हणजे धड कॉलेजही नव्हतं ते. पण फुटबॉल खेळायचे हार्वर्ड आणि पेन (पेनसिल्व्हेनिया विद्यापीठ) यांच्यासारख्यांशी. सामने बहुतेक परगावी, कारण खरा गल्ला तिथे जमायचा आणि त्यातला वाटा शाळेच्या क्रीडानिधीत पडायचा.

१९१२ म्हटलं की सगळे या संघातल्या जिम थॉर्पचं नाव घेतात. त्याच उन्हाळ्यात स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉनची सुवर्णपदकं जिंकून तो परत आला होता. थॉर्प थोर होताच, पण माझा जीव जडलाय तो संघाच्या डोक्यावर. त्या वर्षी नियम बदलले होते. दहा यार्ड पुढे सरकायला तीनऐवजी चार संधी, टचडाउनला, म्हणजे चेंडू समोरच्यांच्या टोकापार नेण्याला, पाचऐवजी सहा गुण. ताकदीच्या रेटारेटीपेक्षा वेग आणि युक्तीला वाव मिळाला, आणि कार्लाइलचे गडी अंगाने हलकेच. प्रशिक्षक पॉप वॉर्नरने मागचे दोन खेळाडू पुढच्या रांगेच्या दोन्ही टोकांना, अगदी खेटून उभे केले. आता चेंडू कुणाकडे जाणार? धावणार की फेकणार? समोरच्याला ठरवताच येईना. वर्तमानपत्रांना यात 'इंडियन चलाखी' दिसायची. हेच हार्वर्डने केलं असतं तर त्याला बुद्धिमत्ता म्हटलं असतं.

९ नोव्हेंबरला गाठ होती वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीशी, म्हणजे 'आर्मी' संघाशी. वूंडेड नी इथे अमेरिकी लष्कराने केलेल्या मूळ अमेरिकनांच्या हत्याकांडाला अजून २२ वर्षंही झाली नव्हती, आणि समोर उद्याचे लष्करी अधिकारी. निकाल २७-६, कार्लाइलच्या बाजूने. गंमत म्हणजे टचडाउनच्या यादीत थॉर्प नाहीच. तीन टचडाउन अ‍ॅलेक्स अर्कासाचे. थॉर्पच्या मागे सगळे धावत असताना हा पठ्ठ्या वाट काढायचा. आर्मीच्या कर्णधाराला कार्लाइलच्या जो गायन या खेळाडूवर हात टाकल्याबद्दल मैदानाबाहेर काढलं, इतकी त्यांची चिडचिड झाली होती. आर्मीकडून खेळणाऱ्यांत ड्वाइट आयझेनहॉवरही होते, पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले. थॉर्पला अडवताना त्यांचा गुडघा कायमचा गेला असं लोक रंगवून सांगतात. तो गेला पुढच्या आठवड्यात, टफ्ट्सविरुद्ध.

त्याच आठवड्यात कार्लाइल पेनकडून ३४-२६ असं हरलं. मोसमातला तो एकमेव पराभव. वॉशिंग्टन अँड जेफरसनशी बरोबरी, बाकी बारा विजय, आणि देशात सर्वांत जास्त गुण.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. थॉर्प एके काळी उन्हाळ्यात थोड्या पैशांसाठी बेसबॉल खेळला होता हे १९१३ मध्ये छापून आलं आणि ऑलिंपिक तेव्हा फक्त हौशी खेळाडूंसाठी असल्याने त्याची पदकं काढून घेतली. ऑलिंपिक समितीने त्याला पुन्हा एकमेव विजेता मानलं २०२२ मध्ये. तो गेला १९५३ मध्ये.

कमी लोकांना ठाऊक आहे ते गस वेल्शचं. १९१२ चा क्वार्टरबॅक, मैदानावर डाव ठरवणारा. त्याने शाळेच्या कारभाराविरुद्ध विद्यार्थ्यांच्या सह्या गोळा केल्या, आणि १९१४ मध्ये अमेरिकी काँग्रेसची (संसदेची) समिती चौकशीला थेट कार्लाइलमध्ये येऊन बसली. क्रीडानिधीचे पैसे कुठे मुरतात इथपासून ते वॉर्नर मुलांना कसल्या शिव्या घालतो इथपर्यंत सगळं साक्षीत आलं. अधीक्षकाची खुर्ची गेली, वॉर्नर पिट्सबर्गला निघून गेला. शाळा १९१८ मध्ये बंद झाली.

आता यापुढे ईगल्स की स्टीलर्स, हे तुम्हीच सांगा.