सप्ताहाचं कीर्तन ठाण्यात ऐकवताना

आमच्या गावच्या सप्ताहात यंदा माझ्या वाट्याला पंगत वाढणं आलं नाही की विण्याचा पहारा आला नाही. मला कीर्तन ‘नेटवर सोडायचं’ होतं. आत्याचे गुडघे गेलेत, ठाण्याहून एसटीनं येणं तिला झेपत नाही, आणि तिच्यासारखे गावातले वीस-पंचवीस जण तरी बाहेर असतील.

यूट्यूब लाइव्ह कर, असं सगळ्यांनी सुचवलं. पण रात्री नऊनंतर आमच्याकडं फोनवर रेंजच्या काड्या दिसतात, नेट मात्र धड चालत नाही. त्यात व्हिडिओ कसला जातोय! नुसता आवाज ६४ केबीपीएसनं, म्हणजे सेकंदाला ६४ किलोबिट या वेगानं पाठवला तर नऊ ते अकराचं कीर्तन ५७.६ एमबीत बसतं. शिवाय ऐकणाऱ्याला फोन उशाशी ठेवून पडता येतं.

महिनाभाड्याच्या एका छोट्या सर्व्हरवर आइसकास्ट टाकलं. हे सॉफ्टवेअर लॅपटॉपवरून आलेला आवाज ऐकणाऱ्या प्रत्येकाला वाटतं. त्याच्या नमुना फाइलमध्ये पासवर्ड ‘हॅकमी’ असा लिहिलेला असतो, तो आधी बदलायचा. लॅपटॉपवरून सर्व्हरकडं आवाज पाठवायला बट घेतलं. ब्रॉडकास्ट युजिंग धिस टूल, त्याची ही आद्याक्षरं. नावावरून भाच्यानं व्हायची तेवढी चेष्टा केली, पण फुकट आणि हलकं आहे. पहिली संध्याकाळ मात्र ते जोडलंच जाईना. पत्ता बरोबर, पोर्ट ८००० बरोबर, पासवर्ड तीनदा टाकला. शेवटी दिसलं, सर्व्हरच्या प्रकारात टिंब शाउटकास्ट या दुसऱ्याच सॉफ्टवेअरवर राहिलं होतं. ते आइसकास्टवर नेलं, माउंटपॉइंट, म्हणजे सर्व्हरवरचा आपल्या कार्यक्रमाचा पत्ता, ‘/कीर्तन’ असा इंग्रजी अक्षरांत दिला आणि लागलं. सॉफ्टवेअरचा त्रास म्हणाल तर एवढाच.

खरी कसरत मंडपात झाली. साउंडवाल्या दादांनी मिक्सरमधून वायर दिली, ती मी लॅपटॉपच्या माइकच्या खाचेत खुपसली. आवाज नुसता फाटत होता. ती खाच माइकच्या बारीक आवाजासाठी असते आणि मिक्सरमधून त्याच्या कितीतरी पट जोराचा येतो. तालुक्याहून लाइन-इनची, म्हणजे असा जोराचा आवाज घेणारी यूएसबी डबी मागवली. फाटणं थांबलं, तर मागं घूं... घूं सुरू. दादांनी काही न बोलता लॅपटॉपचा चार्जर उपटला. घूं गायब. तेव्हापासून दोन तास बॅटरीवर.

त्या रात्री आत्याचा फोन आला.

“अरे, महाराज एकटेच बोलतायत का? टाळकरी आले नाहीत होय?”

तीस टाळकरी माझ्यासमोर नाचत होते! मी हेडफोन लावून ऐकलं तर खरंच, महाराजांचा आवाज घशातल्या खाकरण्यासकट स्वच्छ, मृदंग कुठंतरी लांब पत्र्यावर पाऊस पडावा तसा, आणि टाळ जवळजवळ नाहीतच. विचार केल्यावर उलगडलं. मंडपात टाळ आपसूकच कानठळ्या बसवतात, त्यांना कोण कशाला माइक देईल? मिक्सरला फक्त महाराज ऐकू येतात, आणि मी मिक्सरचंच ऐकवत होतो.

दादांनी दुसऱ्या दिवशी जे केलं ते मला कुठल्या माहितीपत्रकात सापडलं नसतं. टाळकऱ्यांच्या डोक्यावर मंडपाच्या बांबूला एक माइक बांधला आणि त्याचा फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करायची सरकपट्टी, पार खाली ठेवला. म्हणजे कर्ण्यातून तो वाजणार नाही, शिट्टीही होणार नाही. पण त्यांच्या मिक्सरवर ऑक्सचं, म्हणजे आवाज वेगळ्या वाटेनं बाहेर काढायच्या सोयीचं पहिलं बटण फेडरच्या आधीचा आवाज उचलतं. माझी वायर त्या ऑक्सला लावली. मंडपाला एक मिश्रण, ठाण्याला दुसरं. सतरंजीवरच्या पोरांची कुजबुजही जायला लागली, ती मी मुद्दाम राहू दिली.

चौथ्या रात्री लाइट गेली. लॅपटॉपचा सर्व्हरशी संपर्क तुटला तर सर्व्हरनं लावायला मी नामगजराची एक फाइल तयार ठेवली होती, त्याच स्वरूपात, त्याच ६४ केबीपीएसची. ती वाजलीच नाही. कारण काहीच तुटलं नव्हतं! लॅपटॉप बॅटरीवर, नेट माझ्या फोनचं. मेला होता फक्त मिक्सर, आणि बट इमानेइतबारे शांतता पाठवत होतं. जनरेटर लागेपर्यंत बारा मिनिटं लोक आपापल्या फोनला बडवत बसले. मग बटमध्ये ठरावीक वेळ आवाज आला नाही तर आपोआप थांब आणि आला की सुरू हो, असं लावलं. वेळ तीस सेकंदांची ठेवली, महाराज मधेच डोळे मिटून उभे राहतात म्हणून. सहाव्या रात्री परत लाइट गेली, तेव्हा ठाण्यात गजर वाजला आणि जनरेटर लागल्यावर लोक आपोआप कीर्तनात परतले.

काल्याच्या दिवशी हंडी फुटली, आरती झाली, ‘पुंडलिक वरदे’चा गजर झाला. मी वायर गुंडाळायला घेतली आणि तेवढ्यात आत्याला फोन लावला. आइसकास्ट ऐकणाऱ्याला सुरुवातीलाच ६४ केबी आवाज देऊन ठेवतं, त्यामुळं ती कायम मंडपाच्या निदान आठ सेकंद मागं असते, हे माझ्या लक्षातच नव्हतं.

“आत्या, ऐकलंस का सगळं?”

“गप रे जरा, आरती चाललीय,” म्हणाली आणि फोन ठेवला.