उत्तरेच्या बाल्कनीत डिश का लागत नाही

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितोय. तुमच्याआधी निम्म्या कोथरूडने हेच विचारलंय, की आमच्या बाल्कनीसमोर एवढं मोकळं आकाश आहे मग इथेच डिश का नाही लावत. आणि मी दरवेळी सांगतो, काका, बाल्कनी उत्तरेला आहे, सॅटेलाईट दक्षिणेला आहे. की लगेच समोरच्याच्या चेहऱ्यावर येतं, हा टेरेसवर डिश लावून सहा मजले केबल खाली आणायचे जास्तीचे पैसे काढतोय. डीटीएच पुण्यात नवीन होतं तेव्हापासून मी हे काम करतोय. बी.एस्सी. फिजिक्स करून हे काम का, असंही विचारतात, ते आज नको. आज फक्त दक्षिणेचं, एकदाच आणि नीट.

आधी एक गोष्ट डोक्यातून काढून टाका, की सॅटेलाईट वर कुठेतरी लटकवलेला आहे आणि तिथे गुरुत्वाकर्षण नसतं म्हणून तो पडत नाही. गुरुत्वाकर्षण आहे. अंतराळवीर राहतात ते स्पेस स्टेशन साधारण ४०० किलोमीटरवर आहे, तिथे पृथ्वीची ओढ जमिनीवरच्या जवळपास नव्वद टक्के असते. टीव्हीचे सॅटेलाईट जमिनीपासून ३५,७८६ किलोमीटरवर, म्हणजे पृथ्वीच्या केंद्रापासून मोजलं तर ४२,१६४. पृथ्वीच्या त्रिज्येच्या ६.६ पट. तिथे ओढ ४४ पट कमी होते, पण असते, आणि असते म्हणूनच तो तिथे आहे, नसती तर कधीच सरळ रेषेत निघून गेला असता. तो पडतोच आहे, सतत. न्यूटनने उंच डोंगरावरच्या तोफेचा विचार मांडला होता, आपण सिंहगडावरची तोफ धरू आणि हवा नाही असं समजू. गोळा आडवा उडवला की थोड्या जोरात सासवडला पडेल, जास्त जोरात सोलापूरला, अजून जोरात हैदराबादच्या पलीकडे, आणि सेकंदाला जवळपास आठ किलोमीटरचा वेग दिला तर तो जेवढा खाली येतो तेवढीच गोल जमीन त्याच्याखालून वळत जाते आणि तो पडत पडत फेरी मारून परत सिंहगडावर येतो. झाली कक्षा.

आता उंची. ती कंपनी ठरवत नाही, सरकारही नाही. कक्षा जितकी मोठी तितका फेरीला वेळ जास्त, आणि हे खगोलशास्त्रज्ञ केप्लरने सतराव्या शतकातच सांगून ठेवलंय, वेळेचा वर्ग केंद्रापासूनच्या अंतराच्या घनाच्या प्रमाणात. ४०० किलोमीटरवर फेरी सुमारे ९२ मिनिटांत होते, जीपीएसचे सॅटेलाईट २०,२०० किलोमीटरवर आहेत त्यांना साधारण बारा तास लागतात, आणि चंद्र पावणेचार लाखांच्या पलीकडे, त्याला २७ दिवसांच्या वर. मधे कुठेतरी अशी एकच उंची येणार जिथे फेरी पृथ्वीच्या स्वतःच्या फिरण्याएवढ्याच वेळात होते, २३ तास ५६ मिनिटं ४ सेकंद. ती उंची म्हणजे ३५,७८६. सॅटेलाईट एक टनाचा असो नाहीतर सहा टनांचा, त्याने फरक पडत नाही. तिथे तो सेकंदाला तीन किलोमीटरहून थोडा जास्त पळतोय, आपणही खाली त्याच हिशेबाने फिरतोय, म्हणून आपल्याला तो थांबलेला वाटतो आणि मी डिशचे नट एकदा आवळले की वर्षानुवर्षं हात लावावा लागत नाही.

पण वेळ जुळून भागत नाही, आणि तुमची बाल्कनी अडते ती इथे. ओढ पृथ्वीच्या केंद्राकडे असते, त्यामुळे कुठल्याही कक्षेचं जे प्रतल असेल ते केंद्रातून जायलाच पाहिजे. पुणे १८.५ उत्तर अक्षांशावर. पुण्याच्या डोक्यावर सॅटेलाईट कायम उभा दिसायचा तर त्याला १८.५ च्या रेषेवर फिरावं लागेल, आणि त्या वर्तुळाचा मध्य केंद्रात नाही, केंद्राच्या उत्तरेला अक्षावर येतो. तशी कक्षाच नसते. नुसता सोडला तर ओढ त्याला दक्षिणेकडे खेचणार, तो विषुववृत्त ओलांडून तेवढाच खाली दक्षिणेला जाणार, मग परत वर. सतत इंजिन चालू ठेवून अडवायचं तर तेवढं इंधन कुणी नेऊ शकत नाही. म्हणून उभा दिसायचा असेल तर विषुववृत्ताच्या वरच, अख्ख्या जगाला मिळून एकच कडं. आणि विषुववृत्त पुण्याच्या दक्षिणेला आहे, बस. ८३ अंश पूर्व रेखांशावर जे सॅटेलाईट आहेत ते पुण्यातून दक्षिणेपासून थोडे पूर्वेकडे, क्षितिजापासून साधारण ६६ अंश वर येतात. फ्री डिशचा जीसॅट-१५, जो नोव्हेंबर २०१५ मध्ये गेला, तो ९३.५ अंशावर, म्हणजे अजून पूर्वेकडे झुकलेला आणि थोडा खाली. डिश बघून वाटतं ती समोरच्या बिल्डिंगकडे बघतेय, कारण आपल्याकडच्या डिशचा एलएनबी, म्हणजे सिग्नल पकडणारा डबा, मधोमध नसून खालच्या दांड्यावर असतो, प्रत्यक्षात ती दिसते त्याच्यापेक्षा बरंच वर बघत असते.

हे सगळं मी एकदा बोलायचा प्रयत्न केला होता. कर्वे रोडच्या आत एक सोसायटी आहे, नाव लिहीत नाही. तिथे दुसऱ्या मजल्यावर एक काकू एकट्या राहायच्या, त्यांच्या केबलवाल्याने धंदा बंद केला म्हणून त्यांनी मला बोलावलं. फ्लॅटला एकच बाल्कनी, सरळ उत्तरेला, समोर वेताळ टेकडी. मी म्हटलं काकू, टेरेसवर लावतो, डक्टमधून केबल आणतो. टेरेसचं नुकतंच वॉटरप्रूफिंग झालेलं आणि कमिटीने नवीन डिशला बंदी केलेली. त्यांची भीती खोटी नव्हती, भोकं पाडून स्लॅब गळवणारे लोक मी पाहिलेत, म्हणून मी सांगितलं की ड्रिल मारणार नाही, सिमेंटच्या ब्लॉकवर उभी करतो. तर म्हणाले रविवारी मीटिंग आहे, या आणि सांगा.

गेलो. पार्किंगमध्ये प्लास्टिकच्या खुर्च्या, मे महिन्याचं ऊन. कुणीतरी आधीच चेअरमनना सांगून ठेवलं होतं की बूस्टर लावला की डिश कुठल्याही बाजूला चालते. मी त्यांच्याच नोटिशीच्या मागच्या कोऱ्या बाजूला पेनाने गोल काढला, मधून आडवी रेघ, वर टिंब काढून पुणे लिहिलं, रेघेच्या टोकापाशी लांब सॅटेलाईट. दोघं-तिघं वाकून बघत होते. त्यातल्या एका रिटायर्ड काकांनी फार चांगला प्रश्न विचारला, मला आजही तो माणूस आवडतो. म्हणाले, "आत्ता आमच्या उत्तरेच्या बाल्कनीत दुपारी ऊन येतंय. सूर्य उत्तरेला येतो, मग सॅटेलाईट का नाही येत?" याचं उत्तर आहे. पृथ्वीचा अक्ष साडेतेवीस अंशांनी कललेला आहे, त्यामुळे मेच्या मध्यापासून जुलैच्या अखेरीपर्यंत सूर्य दुपारी पुण्याच्या उत्तरेकडून जातो, सूर्य काही आपल्या विषुववृत्ताला बांधलेला नाही, सॅटेलाईट आहे. मी म्हटलं, "बरोबर आहे काका, सूर्य उत्तरेला येतो, पण…" आणि त्या 'पण'वरच चेअरमननी मला तोडलं. "हे बघा, आत्ता म्हणालात उत्तरेला काही नाही, आता म्हणताय सूर्य येतो. आम्हाला भूगोल नकोय. टेरेसचे किती आणि बाल्कनीचे किती, एवढं सांगा." टेरेसचे जास्त होते, केबलच तेवढी लागते. मी आकडा सांगितला आणि मागून कुणीतरी म्हणालं, "बघा, आलं बाहेर."

चहा आला, सगळ्यांना दिला, मला कुणी दिला नाही. तेही चाललं असतं. काकू बाजूला येऊन हळूच म्हणाल्या, "राहू दे रे. तुला नसेल जमत तर मी दुसऱ्या कुणाला बोलावते, वाईट वाटून घेऊ नकोस." त्या प्रेमानेच म्हणाल्या, आणि म्हणूनच ते अजून जात नाही मनातून. चेअरमनने खोटारडा म्हटलं त्याचं मला एवढं लागलं नाही. पण त्यांना खरंच वाटलं की मला काम येत नाही. नंतर एकदा त्या रस्त्याने जाताना पाहिलं तर बाल्कनीच्या ग्रिलला क्लॅम्पने डिश बसवलेली, तोंड टेकडीकडे. एलएनबीतून काळी केबल स्लायडिंगच्या फटीतून आत गेलेली. त्या डिशमध्ये काहीही आलेलं नसणार, आणि ज्याने लावली तो पैसे घेऊन गेला असणार. वर जाऊन बेल वाजवावी असं वाटलं, वाजवली नाही. त्या बिल्डिंगमधून मला परत बोलावणं आलं नाही.

त्यानंतर मी ठरवलं होतं की गिऱ्हाईकाला कक्षा-बिक्षा सांगायचीच नाही, "इथे सिग्नल येत नाही" एवढं बोलायचं, मीटर दाखवायचा, विषय संपवायचा. बरीच वर्षं तसंच केलं. तेव्हाच्या मला विचाराल तर तो म्हणेल लोकांना टीव्ही हवाय, केप्लर नकोय, आणि त्याचं म्हणणं मी खोडू शकत नाही. पण मग लोक काय समजतात, की दक्षिण ही आम्हा डिशवाल्यांची पद्धत आहे, थोडी घासाघीस केली तर बदलेल. नारायणगावजवळ आर्वीला १९७१ मध्ये देशातलं पहिलं व्यापारी उपग्रह केंद्र उभं राहिलं, परदेशातले फोन तिथून जायचे, आपल्याच जिल्ह्यात, आणि त्या केवढ्या थोरल्या डिशलासुद्धा दक्षिणेकडे, हिंदी महासागरावरच्या सॅटेलाईटकडेच बघावं लागायचं. तिथे सरकारला सूट मिळाली नाही, मी कुठून देऊ?

आणि हो, "नाविकचे सॅटेलाईट उत्तरेला येतात ना" हेही मला एका इंजिनिअरिंगच्या पोराने ऐकवलंय. येतात. नाविक म्हणजे जीपीएससारखी आपली भारतीय यंत्रणा, तिच्या रचनेत काही सॅटेलाईट २९ अंश कललेल्या कक्षेत आहेत, फेरी तेवढ्याच वेळाची, म्हणून जमिनीवरून त्यांचा माग आठच्या आकड्यासारखा उमटतो आणि दिवसातला काही वेळ ते पुण्याच्याही उत्तरेला असतात. पण ते एका जागी उभे नाहीत, ते आकाशात वर-खाली जातात. फोनला चालतं, त्याला डिश लागत नाही. तुमच्या डिशला त्यांच्यामागे फिरावं लागेल.

जे उभे आहेत तेसुद्धा आपोआप उभे राहत नाहीत, हे कुणी विचारतच नाही. चंद्र आणि सूर्य त्यांची कक्षा कलती करत राहतात, आणि पृथ्वीचं विषुववृत्तही अगदी गोल नाही, त्यामुळे सोडून दिलेला सॅटेलाईट पूर्व-पश्चिम सरकायला लागतो आणि ७५ अंश पूर्व किंवा १०५ अंश पश्चिम या दोन जागांपैकी एकीच्या आसपास झुलत राहतो. ७५ पूर्व म्हणजे आपल्या पुण्याच्या रेखांशाला जवळपास लागूनच, पुणे ७३.९ वर आहे. बंद पडलेले किती तरी आपल्या दक्षिणेला असे झुलतायत. चालू असलेल्यांना जागेवर ठेवायला थोडं थोडं इंधन जाळावं लागतं, ते संपत आलं की उरलेल्यात त्याला दोन-तीनशे किलोमीटर वर ढकलून कडं मोकळं करायचं असतं. तुमची डिश हलत नाही त्यामागे वर कुणीतरी रोज हिशेब करतंय.

आता नवीन विचारणा सुरू झालीये, ते साडेपाचशे किलोमीटरवरचं इंटरनेट आलं की दक्षिणेची कटकट संपली ना. ते सॅटेलाईट खालून जातात, काही मिनिटांत आकाश ओलांडतात, म्हणून हजारोंनी लागतात आणि वर मोकळं आकाश लागतं, उत्तरेच्या बाल्कनीत अर्धं आकाश स्लॅबने झाकलेलं असतं. उंची कमी म्हणून बोलण्यात गॅप पडत नाही हे खरं, आपल्या ३५,७८६ वाल्यात नुसतं वर जाऊन खाली यायला पाव सेकंद जातो. फायदा आहे त्यांचा, नाही म्हणत नाही. पण एक डिश, एकदा आवळलेले नट आणि पुढची दहा वर्षं शांतता, हे त्या एकाच उंचीवर मिळतं.

आता तुमच्या बाल्कनीचं. त्या रिटायर्ड काकांचा सूर्य मी नंतर पुष्कळ वापरला, कारण वर्षातून दोनदा सूर्य बरोबर सॅटेलाईटच्या मागे येतो. पुण्यासाठी मार्चचा दुसरा आठवडा आणि ऑक्टोबरची सुरुवात. त्या दिवसांत रोज काही मिनिटं चित्र फुटतं, टीव्हीवर तशी पट्टीही येते, कारण डिशला सॅटेलाईटच्या मागून सूर्याचाच आवाज, म्हणजे त्याच्या रेडिओ लहरींचा गोंधळ, जास्त ऐकू येतो. म्हणजे त्या मिनिटाला सूर्य जिथे, तिथेच सॅटेलाईट. ८३ अंशवाल्यासाठी ती वेळ दुपारी बाराच्या थोडी मागेपुढे येते. ऑक्टोबरच्या पहिल्या दोन-तीन दिवसांत त्या वेळी बाल्कनीत उभे राहा. जिथे क्लॅम्प लावायचाय तिथे थेट ऊन पडत असेल तर मला फोन करा, मी तिथेच डिश लावून देतो, टेरेसचा एक रुपया घेणार नाही. पडत नसेल तर आधी सेक्रेटरींशी टेरेसचं बोलून घ्या, आणि ब्लॉकवर लावणार, ड्रिल नाही, हे त्यांना आधीच सांगा.