भात्याची तीन मिनिटं

रविवार, रात्री साडेअकरा

उद्या ऑफिस आहे, झोपायला हवं. पण जुन्या काळचा फ्रेंच सायकलपटू युजेन क्रिस्तोफ डोक्यातून जात नाहीये.

१९०३ ची पहिली तूर द फ्रान्स, फ्रान्सभर टप्प्याटप्प्याने होणारी सायकल शर्यत. पॅरिस ते लियाँ हा पहिलाच टप्पा ४६७ किलोमीटरचा! दुपारी निघायचं आणि रात्रभर अंधारात, धुळीच्या रस्त्यावर हाणत राहायचं. मोरीस गारँला साडेसतरा तासांहून जास्त लागले, आणि तो पहिला आलेला. साठ निघाले, शेवटपर्यंत २१ टिकले. पुढच्या वर्षी तर लोकांनी रस्त्यात खिळे टाकले, स्पर्धकांना बदडलं. एवढं सगळं वाचून पचवलं. १९१३ चं मात्र घशाखाली उतरत नाही.

बायोन ते ल्युशाँ, ३२६ किलोमीटर, पिरेनीजच्या डोंगरांतून. आघाडी क्रिस्तोफच्या हातात आलीच होती. तूरमालेची खिंड उतरताना सायकलचा पुढचा चिमटा, म्हणजे पुढचं चाक धरणारा भाग, मोडला. दुसरी सायकल घ्यायची नाही, दुरुस्ती आपली आपणच करायची, असा नियम. गड्याने सायकल खांद्यावर टाकली आणि दहा किलोमीटरच्या वर चालत सेंत-मारी-द-कांपाँ गावातली लोहाराची भट्टी गाठली. लोहाराने फक्त तोंडाने सांगायचं, हात लावायचा नाही. क्रिस्तोफ मूळचा कुलपं बनवणारा, म्हणून निभावलं. पंच डोळ्यांत तेल घालून शेजारी उभे. एका हातात सांडशी, दुसऱ्यात हातोडा. मग भाता कोण ओढणार? एका पोराने ओढला. त्याबद्दल दहा मिनिटांचा दंड! नंतर तो तीनवर आणला, हीच काय ती दया.

जवळजवळ चार तास गमावलेल्याला तीन मिनिटांनी काय फरक पडणार? काहीच नाही. म्हणूनच तो दंड जास्त झोंबतो. एरवी मी नियमांच्या बाजूची. आमच्या ब्रेव्हेतही, म्हणजे ठरलेल्या वेळेत पूर्ण करायच्या लांब पल्ल्याच्या सायकल राइडमध्येही, मदत घ्यायची ती कंट्रोलवरच, म्हणजे वाटेतल्या तपासणी ठिकाणीच, आणि ते मला पटतं. पण तूरचा सर्वेसर्वा आंरी देग्रांज स्वतः अव्वल सायकलपटू होता, त्याला तरी कळायला हवं होतं. गिअर बदलायची सोयही त्याने शर्यतीत येऊ दिली नाही. चढ आला की उतरा, मागचं चाक काढा, उलटं बसवा, म्हणजे दुसऱ्या बाजूचं दातेरी चक्र लागतं. परवानगी मिळाली ती १९३७ मध्ये, तो पायउतार झाल्यावर.

क्रिस्तोफ त्या वर्षी सातवा आला. १९१९ मध्ये आघाडीवरच्या स्पर्धकाची पहिली पिवळी जर्सी त्याच्याच अंगावर चढली, आणि शेवटून दुसऱ्या टप्प्यात चिमटा पुन्हा मोडला. दुरुस्तीत तासाच्या वर गेला. तूर त्याला कधीच मिळाली नाही.