आत्याचा निरोप, साध्या गतीनं

रविवार, रात्री साडेदहा

दुपारी वाईहून आत्याचा व्हॉइस मेसेज आला. ६ मिनिटं १० सेकंदांचा. मी कांदा चिरत होते. सवयीनं अंगठा २ एक्सवर गेला आणि तीन मिनिटांत आत्या आटोपली.

व्हॉट्सअ‍ॅपवर ही सोय २०२१ मध्ये आली. तेव्हापासून ऑफिसचे, शाळेच्या ग्रुपवरचे, सगळ्यांचेच निरोप मी असे पळवत ऐकते. आता समोर बसून कुणी सावकाश बोलायला लागलं की जीव कासावीस होतो. परवा लेक वर्गातलं काहीतरी सांगत होती, अडखळत, शब्द शोधत, आणि मी म्हणाले, "पुढे बोल ना पटकन." तिचा उतरलेला चेहरा अजून डोळ्यांसमोर आहे.

आत्याला माळा आवरताना घटिकापात्र सापडलंय. तांब्याची वाटी, बुडाला बारीकसं भोक. लग्नात भटजी ती घंगाळातल्या पाण्यावर सोडायचे. पाणी भोकातून थेंबाथेंबानं वर चढतं, आणि वाटी भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटं. दिवसाच्या अशा ६० घटिका. "आम्ही पोरी घंगाळाभोवती बसायचो, कधी बुडते बघत," असं ती म्हणत होती. आणि मी? लोकल दोन मिनिटं लांबली तरी अ‍ॅप तीनदा उघडून बघते.

लेक झोपल्यावर तोच निरोप १ एक्सवर लावला. मागे कुकरची शिट्टी. वाटी फरशीवर खणकन ठेवल्याचा आवाज. "गुडघा बराय आता," म्हणून आत्या थांबते. बराच वेळ काहीच नाही. मग पाट सरकतो, आणि दाबलेलं "आई गं". "हं, तर काय सांगत होते..." म्हणत पुन्हा घटिकापात्र.

दुपारी हे काहीच कानावर पडलं नव्हतं. 'गुडघा बरा झाला, छान!' असं मी तिला लिहूनही टाकलं होतं.

लगेच फोन लावला. पूर्वी बाबांना पत्र लिहायची तेव्हा तिची शेवटची ओळ ठरलेली असे, 'पत्र पोचल्याचे कळवणे'. आजही पहिलं तेच विचारलंन, "निरोप पोचला का गं?"

"पोचला. गुडघा किती दुखतोय, खरं सांग."

ती गप्प झाली. मी फोन कानाशी धरून बसून राहिले, ती बोलेपर्यंत.